खिडकीकडची टाकी

नांदवे बंदर
८ जुलै २०१६

ती. दामूमामांस,
वैजूचा शि. सा. न. वि. वि.

पत्र बघून दचकू नका, घरात सगळे धडधाकट आहेत. आधी फोनच करणार होते. पण तुमच्याशी फोनवर बोलायचं म्हणजे बंदरावर दवंडी पिटणं. मागे तनूच्या गोवराचं सांगितलं तेव्हा आख्ख्या आळीने ऐकलं, एकट्या तुम्हालाच ऐकू गेलं नाही. मामी सांगत होती की कानाचं यंत्र तुम्ही गौरीच्या दागिन्यांच्या डब्यात ठेवलंय आणि सणाला काढता. आणि आताचं बोलणं आळीने ऐकण्यासारखं नाही.

मामा, मला भीती वाटतेय. कशाची ते नीट सांगते.

आमचं घर सोसायटीच्या बर्फाच्या कारखान्याला लागून आहे हे तुम्हाला ठाऊक आहेच. मधे एक भिंत, भिंतीपलीकडे मशीनची खोली, आणि त्या खोलीत दिवसाचे आठ तास तुमचे जावई. चैत्रात इथे अमोनिया गॅसचा वास सुटला होता. डोळे चुरचुरायचे, अंगणवाडीतली पोरं खोकायची. मग हळूहळू वास गेला. सगळे म्हणाले, धर्माने नट आवळला असेल. मीही तेच समजले, आणि मनातून नवऱ्याचं कौतुकही केलं.

गेल्या आठवड्यात नाशिकची नणंद आली. रिक्षातून उतरली, दोन पावलं चालली आणि पदर नाकाला लावून उभीच राहिली. डोळ्यांतून पाणी. आम्ही सगळे हसलो, म्हटलं नाशिककरांना मासळीचा वास सोसत नाही. ती चिडली. म्हणाली की ती याच घरात जन्मली आहे, मासळी कुठली आणि हा वास कुठला तिला कळतं, आणि आमच्या नाकांना झालंय तरी काय. त्या दिवशी मी ह्यांना विचारलं, की तुम्ही नट आवळला होता का. हे म्हणाले, नाही. ह्यांना वाटलं होतं, चेअरमनने बाहेरचा मिस्त्री आणला असेल.

म्हणजे मामा, कुणीच काही केलेलं नाही. आमची नाकं मेली आहेत, गळती चालूच आहे.

ह्यांनी गंधकाची वात पेटवून गॅसच्या टाकीभोवती फिरवली. गॅस असेल तिथे पांढरा धूर होतो. झाला. मासेमारी बंद म्हणून कारखाना सध्या बंद आहे, पण पंचवीस तारखेला चालू होईल आणि मग टाकीवर जोर येईल. हे चेअरमन वामनशेटना सांगायला गेले, तर ते म्हणाले की एवढा हंगाम जाऊ दे, मग बघू. जुना ऑपरेटर नथूकाका बोलता बोलता बोलून गेला की फार मागे सरकारी तपासणी झाली होती आणि तपासणीवाल्यांनी टाकी बदला असा कागद लिहिला होता. तो कागद मागायला मी सोसायटीत गेले. सेक्रेटरी म्हणाला की सभासद तुझा सासरा आहे, तू कोण? मग मी माहितीच्या अधिकारात अर्ज केला, दहा रुपयांचं तिकीट लावून. चार दिवसांत उत्तर आलं की हा कायदा सोसायटीला लागू नाही.

एकतीस वर्षं तुम्ही निबंधकांच्या कचेरीत, सोसायट्यांच्याच फायलींत काढलीत. तुम्हीच सांगा, लागू आहे की नाही?

उत्तर तनूच्या शाळेच्या पत्त्यावर पाठवा. आमचं टपाल पोस्टमन सोसायटीच्या खिडकीत टाकून जातो.

मामीला नमस्कार. भाचीवर माया आहे तशीच राहू द्या.

तुमची,
वैजू

*

पेण
१३ जुलै २०१६

चि. सौ. वैजयंतीस,
दामूमामाचे अनेक उ. आशीर्वाद.

पत्र पोचले. तुझे अक्षर सुधारले आहे, जीभ मात्र आहे तशीच आहे. यंत्र डब्यात नसते, उशाशी असते. कानात घातले की तुझी मामी ऐकू येते, म्हणून काढतो.

तुझ्या प्रश्नाचे उत्तर सरळ आहे. सेक्रेटरी खोटे बोललेला नाही. तीन वर्षांपूर्वी सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला, की सहकारी संस्था नुसती नोंदलेली आहे म्हणून ती सरकारी होत नाही. ती सभासदांची खासगी मंडळीच. सरकारने मोठा पैसा ओतला असेल किंवा कारभारच हाती घेतला असेल, तर गोष्ट वेगळी, आणि ते सिद्ध करता करता माणूस म्हातारा होतो. तेव्हा तो रस्ता बंद समज.

आता मामा म्हणून सांगतो. या भानगडीत पडू नकोस. गावात राहायचे आहे. ती खिडकी लावून घेत जा. धर्मारावांसाठी इकडे एका दूधडेअरीत शीतगृहावर जागा आहे असे ऐकतो, मी शब्द टाकीन. तपासण्या दर वर्षी होतात आणि प्रत्येक तपासणीत काही ना काही लिहिलेले असतेच. सगळ्यांचे ऐकले तर महाराष्ट्रात एक संस्था चालणार नाही.

नथूकाकाने कुठल्या सालची तपासणी म्हटले? तेवढे मात्र कळव.

मामीचा गुडघा ठीक आहे. तुझ्यावरचा लोभ काही आटलेला नाही, हे वेगळे लिहायला नको.

तुझा,
दामूमामा

*

नांदवे बंदर
२६ जुलै २०१६

ती. मामांस,
शि. सा. न. वि. वि.

आधी भांडते, मग बाकीचं. शाळेच्या पत्त्यावर पाठवा असं मी लिहिलं होतं ना? तुमच्या हाताला सवय, तुम्ही सुवाच्य अक्षरात ‘द्वारा मच्छीमार सहकारी संस्था’ लिहून मोकळे झालात. पाकीट मला खिडकीतून मिळालं. कडेला सोसायटीचा ओला डिंक. सेक्रेटरी म्हणाला की मामा हुशार आहेत हो तुमचे, त्यांचं ऐका.

तरी मी ऐकलं नाही. शाळेतल्या पागधरे बाईंना विचारलं. त्या म्हणाल्या की सोसायटीला कायदा लागू नाही हे खरं, पण निबंधकांच्या कचेरीला तर लागू आहे! निबंधकांना सहकार कायद्याने सोसायटीचे जे कागद बघता येतात, मागवता येतात, ते त्या कचेरीकडे मागायचा हक्क कुणालाही आहे. तुम्ही म्हणता तो निकालच तसं सांगतो, म्हणे. मामा, एकतीस वर्षं कचेरीत काढून तुम्हाला हे माहीत नव्हतं? का पत्र लिहिताना चष्माही डब्यात होता? मी पंधरा तारखेलाच तिकडे अर्ज दिला. नथूकाका म्हणतो, दोन हजार नऊची तपासणी, शिमग्याच्या सुमाराची. तेच लिहिलं.

आणि तिथेच घात झाला. कचेरीने माझा अर्ज जसाच्या तसा, नावपत्त्यासकट, अभिप्रायासाठी सोसायटीकडे धाडला. सेक्रेटरीने तो फलकावर लावला, होड्यांच्या बर्फाच्या यादीशेजारी. ज्याला वाचता येत नाही त्याला वाचून दाखवला. म्हणजे कारखाना बंद पाडायला निघालेली बाई कोण, हे आता बंदरावर सगळ्यांना माहीत आहे. नळावर मी गेले की बायका गप्प होतात. सासरे पान खायची पिशवी घेऊन बाहेर जाऊन बसले.

काल कारखाना सुरू झाला. भिंतीला कान लावला की आत मशीन धडधडताना ऐकू येतं. तनूची अंगणवाडी सुटली म्हणून बरं, ती आता पहिलीत गेली. पण तिच्या जागी दुसऱ्यांची आहेतच की. हे कामावर जाताना मी ओलं फडकं देते. हे हसतात आणि खिशात ठेवतात. परत आल्यावर ते कोरडंच असतं.

दूधडेअरीचं ह्यांना सांगितलं. म्हणाले की मी गेलो तर माझ्या जागी कोण बसेल, नथूकाकाचा पुतण्याच ना. मग त्याचं काय?

खूप एकटं वाटतं मामा. रागावू नका, आणि माया आटू देऊ नका.

तुमची,
वैजू

*

पेण
३० जुलै २०१६

चि. वैजूस,
आशीर्वाद.

या वेळी शाळेचाच पत्ता लिहिला आहे. चूक झाली, कबूल.

तू मला न विचारता अर्ज केलास. अर्ज संस्थेकडे अभिप्रायाला पाठवायची ती पद्धत मला चांगली माहीत आहे. कायद्यात तसे कुठे म्हटलेले नाही. पण तसे केले की निम्मे अर्जदार आपोआप गप्प बसतात आणि टेबल रिकामे होते. नव्या पोरांना हे कुणीतरी शिकवलेले असते.

तुला उत्तर काय येईल तेही आत्ताच सांगतो. ‘सदर अहवाल अभिलेखात आढळून येत नाही.’ एवढे एकच वाक्य येईल. त्यावर अपील करता येते, मग आणखी महिने. तोवर हंगाम संपेल. म्हणून म्हणतो, कागदाचा नाद सोड.

धर्मारावांना मात्र बजावून सांग. खिडकीकडच्या टाकीजवळ उभे राहायचे नाही, विशेषतः खालच्या अंगाला, जिथे डांबराचे वेष्टन जमिनीला टेकते तिथे. दाराकडच्या दोन टाक्या नव्या आहेत, त्यांची भीती नाही. कामाची खुर्ची दाराशी ओढून घ्यावी आणि दार उघडेच ठेवावे. फडके खिशात नको, गळ्यात हवे, ओले हवे.

मामी विचारते, मी जेवत का नाही. तिला काय सांगू?

तुझा,
मामा

*

नांदवे बंदर
८ ऑगस्ट २०१६

ती. मामांस,
शि. सा. न. वि. वि.

उत्तर आलं. ‘सदर अहवाल अभिलेखात आढळून येत नाही.’ तुम्ही लिहिलं होतं तेच वाक्य, शब्दाला शब्द.

परवा सकाळी आमच्याकडे काय झालं ते ऐका. बर्फाच्या लाद्या काढणारे दोघं पायऱ्यांवर कोसळले. एकाला उलट्या, दुसऱ्याला डोळे उघडता येईनात. वामनशेटने त्यांना आपल्या गाडीतून तालुक्याला नेलं आणि गावात सांगितलं की ऊन लागलं. मामा, त्या दिवशी झिमझिम पाऊस होता. आणि गावाने मान डोलावली. हंगाम नुकता उघडलाय, बर्फ नसला तर मासळी कशात ठेवणार, म्हणून सगळ्यांना ऊन पटलं. मला त्यांचा रागही येत नाही. आमचीही होडी आहेच ना. तिचं नाव बर्फाच्या यादीतून खाली घसरलंय, सगळ्यांचं भरून झालं की उरलेला चुरा आम्हाला.

हे वाचले, कारण खुर्ची दाराशी होती. तुमचं ऐकून ओढली होती. पण खोकला लागलाय. काल मी बोंबील तळत होते तर हे आत येऊन म्हणाले, आज काय केलंस? आधी ह्यांना वासावरून कुठला मासा ते कळायचं. मी तव्यासमोर उभ्या उभ्या रडले.

आता एक विचारते, आणि खरं सांगा. खोलीत खिडकी आहे, खिडकीशी टाकी आहे, तिला खाली डांबराचं वेष्टन आहे, हे तुम्हाला कसं माहीत? मी कधी लिहिलं नाही. आमच्या घरी तुम्ही कधी आला नाहीत, लग्नसुद्धा पेणलाच लागलं. मी दोन्ही पत्रं पुन्हा पुन्हा वाचली. पहिल्या पत्रातही तुम्ही ‘ती खिडकी’ म्हटलंय. कुठली ती?

मला रात्रंदिवस भिंतीचा धाक वाटतो. त्यात आता तुमच्याविषयीही वाटू नये एवढीच इच्छा आहे.

वैजू

*

पेण
११ ऑगस्ट २०१६

चि. वैजूस,

आशीर्वाद लिहायला हात धजत नाही, तो तुझ्या मनात असेल तर घे.

२००९च्या मार्चमध्ये मी नांदव्याला आलो होतो. तपासणीचे पथक होते, त्यात साहेब, मी मुख्य लिपिक, आणि एक तरुण इंजिनिअर. कारखान्याच्या पटावर माणसे कमी दाखवतात, त्यामुळे कारखाने तपासणारे खाते तिथे कधी फिरकत नाही. आमचीच काय ती तपासणी. इंजिनिअरने खिडकीकडच्या टाकीचे वेष्टन चाकूने कापले आणि मला बोलावून दाखवले. लोखंड पापडासारखे सुटत होते. त्याने अहवालात लिहिले की टाकी तात्काळ बंद करून बदलावी, तोवर कारखाना चालवू नये, जीवितास धोका. तो अहवाल माझ्या टेबलावर आला.

त्याच महिन्यात तुझे लग्न ठरत होते. मुलगा कारखान्यात ऑपरेटर, नोकरी पक्की, घर कारखान्याला लागून, हेच आम्ही तुझ्या आईला कौतुकाने सांगितले होते. स्थळ वामनशेटनेच सुचवले होते. कारखाना बंद झाला असता तर मुलगा बसून राहिला असता, स्थळ मोडले असते. तुझे वडील नव्हते. दोन स्थळे आधीच मोडली होती. मी शेरा मारला, ‘संस्थेने पूर्तता करण्याचे मान्य केले आहे, सबब दफ्तरी दाखल.’ संस्थेने काहीही मान्य केले नव्हते. साहेबांनी न वाचता सही केली. माझी सही त्यांच्या खाली आहे.

पैसा घेतला नाही, हे मी स्वतःला सात वर्षे सांगत आलो. वाटले होते की वर्ष-दोन वर्षांत टाकी बदलतील. बदलली का, हे विचारायचे धाडस मात्र झाले नाही. तुझ्या घरी न येण्याचे कारण ते. आजारपण, गुडघा, कान, सगळी निमित्ते. दाराकडच्या टाक्या नव्या आहेत हे कळले ते एका लग्नात वामनशेट भेटला तेव्हा. तिसरीचे विचारायच्या आधी मी ताटावरून उठलो होतो.

आता मी सांगतो तसे कर. अहवाल हरवलेला नाही. तो तपासण्यांच्या गठ्ठ्यात नाही, मुद्दाम पुढच्या वर्षाच्या, २००९-१०च्या ‘किरकोळ पत्रव्यवहार’ या गठ्ठ्यात आहे. मीच ठेवला. आवक क्रमांक ४१७, दिनांक २३ मार्च. हा आकडा मला माझ्या जन्मतारखेसारखा पाठ आहे. नव्या अर्जात हा क्रमांक लिही, आणि प्रत मागू नकोस, अभिलेख पाहायला मागणी कर. तो हक्क आहे. अर्जाच्या माथ्यावर लिही, ‘माहिती जीविताशी संबंधित, अठ्ठेचाळीस तासांत द्यावी.’ तीही तरतूद कायद्यात आहे. कुणी तसा अर्ज आणला की आम्ही टेबलावर हसायचो, की बाईला कुणाचा जीव जातोय असे वाटते.

सोमवारी पंधरा ऑगस्टची सुट्टी आहे, मंगळवारी कचेरी उघडेल. मी दारात उभा असेन. मलाही अर्ज द्यायचा आहे, माझ्या नावाने, माझ्या शेऱ्याविरुद्ध. चौकशी होईल, पेन्शनला धक्का लागेल. तुझ्या मामीला काल सांगितले. तिने यंत्र आणून माझ्या कानात घातले आणि म्हणाली की आता नीट ऐका, मंगळवारची वाट बघत बसू नका, पोरीला लगेच कळवा. म्हणून हे स्पीड पोस्टने.

धर्मारावांना तोवर कामावर पाठवू नकोस. पाया पड, भांड, दार लावून घे. काहीही कर.

दामोदर

*

नांदवे बंदर
२९ ऑगस्ट २०१६

ती. मामांस,
नमस्कार.

मंगळवारी कचेरीच्या दारात आपण फारसं बोललो नाही. तुम्ही यंत्र घालून आला होता, मी बोलले असते तर ऐकू गेलं असतं, म्हणूनच बोलले नाही. तुम्ही शिडीवर चढून गठ्ठा काढलात. खालून शिडी मी धरली होती, हे तुम्हाला दिसलं नसेल.

पुढचं कळवते. बुधवारी कचेरीचे लोक तहसीलदारांना घेऊन आले आणि कारखान्याला सील लागलं. दुसऱ्या दिवशी नारळी पौर्णिमा. नारळ घेऊन सगळे किनाऱ्यावर, पण आमच्याशी कुणी बोललं नाही. वामनशेट मोठ्याने म्हणाले की सुनेने गावाच्या हंगामात विष कालवलं. सासऱ्यांनी त्यांच्यासमोर जाऊन नारळ माझ्या हातात दिला आणि मला सांगितलं की पाण्यात तू सोड. मी सोडला.

शनिवारी बाहेरच्या माणसांनी गॅस काढून घेतला आणि टाकी कापली. गाव बघायला जमलं होतं. मिस्त्रीने वेष्टन सोललं आणि नुसतं बोट लावलं, तर बोट आत गेलं. वामनशेट घरी निघून गेले. ज्याला उलट्या झाल्या होत्या त्याची बायको माझ्या शेजारी येऊन उभी राहिली, तिने माझा हात धरला आणि गर्दी पांगेपर्यंत धरून ठेवला. सध्या बर्फ शेजारच्या बंदरावरून ट्रकने येतो. शिव्या कमी झाल्यात, बंद झालेल्या नाहीत.

ह्यांनी तुमचं पत्र वाचलं. मी लपवणार होते, पण नाही लपवलं. घडी घालून माझ्या हातात परत दिलं. मग म्हणाले की मामांनी तो कागद तेव्हा पुढे धाडला असता तर तू मला मिळाली नसतीस. आणि उठून खोकत बाहेर गेले. ते तुमच्या बाजूने बोलले की विरुद्ध, मला अजून कळलेलं नाही. मला स्वतःचंही कळत नाही. माझ्या संसारासाठी तुम्ही केलंत म्हणता. माझा संसार त्या टाकीला टेकून उभा होता, आणि त्यात तनू वाढली. सात वर्षं, मामा. हे लिहिताना मला तुमचा इतका राग येतो की पेन कागदात रुततं.

डॉक्टर म्हणाले, ह्यांची छाती सुधारेल. नाकाचं सांगता येत नाही.

आता काम सांगते. रविवारी सील निघणार आहे, खोली धुऊन घेतली आहे, सगळे म्हणतात की आता काही राहिलेलं नाही. मिस्त्री म्हणतो, वामनशेट म्हणतात, कचेरीचा माणूसही म्हणतो. गंधकाची वात फिरवली, धूर झाला नाही. पण मला पटत नाही. भिंतीला पाठ लावून मला अजून झोप येत नाही. आणि वास आहे की नाही हे आम्हाला कुणाला सांगताच येत नाही. आळीत एकाचंही नाक धड राहिलेलं नाही.

तुमचे कान गेले, पण नाक शाबूत आहे. मामी सांगते, शेजारणीचं दूध उतू गेलेलं तुम्हाला आधी कळतं. रविवारी या. रिक्षा फाट्यावर सोडा आणि चालत या. घरात शिरा, भिंतीशी उभे राहा, आणि मला खरं काय ते सांगा. सात वर्षांपूर्वी सांगायचं होतंत, ते आता सांगा. तुम्ही ‘वास नाही’ म्हणालात की मी भिंतीकडे पाठ करून निजेन.

बोंबील आणून ठेवते. माया पूर्वीइतकी आहे का, हे आत्ता मला विचारू नका. तुमच्या हातात यंत्राचा डबा दिसला तर आधी चिडवीन, एवढं नक्की.

तुमची,
वैजू